नॅरेशन काढून टाकलं की उरतं काय? पोलंडच्या ‘वाजंत्र्यां’बद्दल जरा सविस्तर

प्रश्न थोडक्यात असा आहे: फिल्म सोसायटीत पोलिश दिग्दर्शक काझिमेश काराबाशची ‘मुझिकान्ची’ ही डॉक्युमेंटरी बघितली, 1960 ची, जेमतेम दहा मिनिटांची, त्यात ना नॅरेशन, ना मुलाखत, ना कुठली घटना, काही कामगार बसून बँडची प्रॅक्टिस करतात आणि फिल्म संपते, मग लोक हिला एवढं डोक्यावर का घेतात? आणि ऑब्झर्व्हेशनल, म्हणजे काही न सांगता नुसतं निरीक्षण करणारी डॉक्युमेंटरी, म्हणजे नुसता कॅमेरा लावून बसायचं का?

मी पंचवीसेक वर्षं डॉक्युमेंटरी एडिट करतोय, मधेमधे शूटही करतो, आणि ही फिल्म शिकवताना इतक्या वेळा दाखवलीय की आता मला बँडमधले चेहरे आपल्याच गल्लीतले वाटतात. त्यामुळे उत्तर लांबणार आहे, चहा घेऊन बसा.

आधी नावापासून सुरू करू कारण तिथेच अर्धी फिल्म आहे. पोलिशमध्ये शिकलेल्या, व्यावसायिक संगीतकाराला ‘मुझिक’ म्हणतात, ‘मुझिकांत’ (अनेकवचन ‘मुझिकान्ची’) म्हणजे लग्नात, जत्रेत वाजवणारा, हौशी, आपल्याकडचा ‘वाजंत्री’. इंग्रजीत या फिल्मचं नाव रविवारचे संगीतकार अशा अर्थाचं करून ठेवलंय, त्यात तो रांगडेपणा गेला. मराठीत करायचं झालं तर ‘वाजंत्री’ म्हणून मोकळं व्हावं, आपल्याकडे शब्द तयार आहे. ही माणसं वार्साच्या ट्रामखात्यातले कामगार. दिवसभर वर्कशॉपमध्ये लोखंडाशी झटापट आणि ड्युटी सुटली की ट्रंपेट.

आता ही फिल्म कशाच्या विरोधात उभी आहे ते कळल्याशिवाय तिचं मोल कळत नाही, म्हणून थोडं मागे जावं लागेल.

1949 मध्ये विस्वा नावाच्या गावात पोलिश सिनेमावाल्यांची परिषद झाली आणि तिथे सोशलिस्ट रिअलिझमची लाइन ठरली, म्हणजे कामगार हसरा, ट्रॅक्टर नवा, भविष्य उज्ज्वल. डॉक्युमेंटरी बनवायचा सरकारी स्टुडिओ वार्सात, आणि बनलेली शॉर्ट फिल्म थिएटरात मुख्य पिक्चरच्या आधी न्यूजरीलच्या सोबतीने लागायची. आपल्या पिढीला हे समजावून सांगायला नको, फिल्म्स डिव्हिजनची ती भारदस्त आवाजातली माहिती संपेपर्यंत बाहेर वडापाव खाणारी जमात आपण. तो वरून येणारा, सगळं माहीत असलेला आवाज तिकडेही होताच आणि चित्र बिचारं त्या आवाजाच्या मागे फरफटत जायचं. कामगार दिसतो, पण तो काय विचार करतोय ते दुसराच कोणीतरी सांगतो.

मग 1953 ला स्टालिन गेला, हवा हळूहळू सैल झाली आणि 1955-56 पासून दोन-तीन वर्षं पोलिश डॉक्युमेंटरीत एक लाट आली तिला ‘काळी मालिका’ म्हणतात. सुरुवात येझी हॉफमन आणि एडवर्ड स्कुझेव्स्की यांच्या ‘सावधान, गुंड!’ अशा अर्थाच्या नावाच्या फिल्मने, 1955. गुंडगिरी, दारू, वेश्याव्यवसाय, पडकी घरं, म्हणजे अधिकृत पोलंडात जे नव्हतंच ते सगळं एकदम पडद्यावर. काराबाशनेही व्वादिस्वाव श्लेशित्स्कीबरोबर यात दोन फिल्म केल्या. पहिली 1956 ची, नावाचा शब्दशः अर्थ ‘जिथे सैतान शुभरात्री म्हणतो’, तो पोलिशमधला वाक्प्रचारच आहे, आपण ‘पार पलीकडे, कुठल्या कुठे’ म्हणतो तसली जागा. ती आहे वार्साच्या तार्गुवेक भागाबद्दल, जिथे संस्कृती भवनाचं बांधकाम सुरू करून अर्धवट सोडलं होतं आणि पोरं उकिरड्यावर वाढत होती. 1958 मध्ये लंडनला फ्री सिनेमावाल्यांनी, म्हणजे तिथल्या तरुण डॉक्युमेंटरीवाल्यांच्या चळवळीने, पोलिश शॉर्ट फिल्म्सचा एक कार्यक्रम केला त्यात ही दाखवली गेली.

पण गंमत बघा. काळी मालिका धाडसी होती यात वाद नाही, तरी तिची भाषा जुनीच होती. त्यातही वरून आवाज आहे, तोही सगळं जाणणारा, फक्त आधी तो कौतुक करत होता आणि आता आरोप करतोय. गुंडांच्या मारामाऱ्या बऱ्याचदा चक्क सीन लावून शूट केलेल्या, रात्रीचं लायटिंग क्राइम पिक्चरसारखं. म्हणजे खोट्याच्या विरोधात खरं बोलायचं, पण बोलायची तऱ्हा खोट्याकडूनच उसनी आणलेली. मला हे लिहायला सोपं आहे, साठ-सत्तर वर्षांनी घरी बसून, त्यांना तेव्हा नोकरी सांभाळून हे करायचं होतं हेही खरं. पुढे 1958 च्या आसपास सरकारचा संयम संपला आणि ती लाट ओसरली.

इथे काराबाशपुढे दोन रस्ते होते. परत हसरा ट्रॅक्टर, नाहीतर गप्प बसणं. त्याने तिसरंच काहीतरी केलं, आवाजच काढून टाकला, कौतुकाचाही आणि आरोपाचाही, आणि अशी जागा शोधली जिथे बघण्यासारखं इतकं आहे की सांगायची गरज पडू नये.

आता फिल्मकडे येऊ. सुरुवात वर्कशॉपमध्ये, पत्रा, हातोडा, मशिनचा खणखणाट, कानाला त्रास होईल इतका. मग खोली. माणसं येतात, बसतात, वाद्यांच्या पेट्या उघडतात, कोणी चष्मा काढून नाकावर ठेवतो, कोणी वाद्यात फुंकून बघतो, प्रत्येक जण आपापलं वाजवतोय आणि सगळं मिळून नुसता कलकलाट. एक म्हातारा कंडक्टर आहे. तो सुरू करतो, थांबवतो, काहीतरी चुकलं म्हणून वैतागतो, परत. परत चुकतं. परत. आणि शेवटी तो तुकडा जमतो, आख्खा बँड एकत्र वाजतो, बस्स.

तुम्ही म्हणता घटना नाही. अहो एवढी मोठी घटना आहे! गोंगाटापासून सुरू होऊन संगीतापर्यंत पोचायचं, मधे माणसांचे हात. ज्या जाड, राकट बोटांनी दिवसभर लोखंड हाताळलं तीच बोटं आता इवल्याशा बटणांवर जपून ठेवलेली आहेत, आणि हे कुणी सांगत नाही, फक्त वर्कशॉप आधी आणि बोटं नंतर अशी लावलीत. नॅरेशन असतं तर म्हटलं असतं, ‘श्रमानंतर आपला कामगार कलेची साधना करतो.’ वाक्य चुकीचं नाहीये, पण ते कानावर पडल्यावर तुम्ही बोटांकडे बघितलंच नसतं.

कॅमेरा स्तानिस्वाव न्येदबाल्स्कीचा, एडिटिंग लिदिया झोनचं. झोन ही काराबाशची बायको आणि माझ्या मते या सगळ्या शैलीतलं सर्वात कमी घेतलं जाणारं नाव. डिरेक्टरचं नाव पोस्टरवर जातं, पण नॅरेशन नसलेली फिल्म एडिट टेबलवरच लिहिली जाते, हे तुम्ही कुठल्याही एडिटरला विचारा, तो तुम्हाला दोन तास सोडणार नाही.

आता तुमचा दुसरा प्रश्न, कॅमेरा लावून बसायचं का. हा गैरसमज आपल्या मोबाइल-हार्डडिस्कच्या जमान्यातला आहे. हिशोब करून बघा. 35 एमएम फिल्म सेकंदाला 24 फ्रेमच्या वेगाने मिनिटाला साधारण 27 मीटर खाते. 120 मीटरचं मॅगझिन (कॅमेऱ्यावरची फिल्मची डबी) म्हणजे चार मिनिटं वीस सेकंद, संपलं की थांबा, बदला. 300 मीटरचं आख्खं रीळ अकरा मिनिटांचं, आणि या शॉर्ट फिल्म्स दहा-अकरा मिनिटांच्याच का असतात त्याचं एक कारण तिथेच आहे, एका रिळात बसायला हवं. रॉ स्टॉक, म्हणजे कोरी फिल्म, मोजून मिळणार, सरकारी स्टुडिओ, प्रत्येक मीटरचा हिशोब. ‘चालू ठेव, काहीतरी घडेल’ ही चैन परवडणारी नव्हतीच. त्यामुळे बघायचं ते सगळं कॅमेरा चालू करायच्या आधी बघून घ्यायचं, कोण कुठे बसतो, कोण चुकला की मान खाली घालतो, कोण शेजाऱ्याकडे चोरून बघतो, कंडक्टर चिडायच्या आधी काय करतो. त्यानंतर बटण. काराबाशने पुढे पुस्तक लिहिलं त्याचं नाव ‘धीराची नजर’ अशा अर्थाचं आहे, आणि तो धीर मॅगझिन भरायच्या आधीचा आहे असं मी तरी समजतो.

दुसरी अडचण आवाजाची. त्या काळचे हातात धरता येणारे 35 एमएम कॅमेरे शिवणयंत्रासारखे घरघर करायचे, आवाज दाबायला कव्हर घातलं की त्याचं धूड होतं, मग कसली सहजता. त्याच 1960 साली अमेरिकेत निवडणूक प्रचारावरची ‘प्रायमरी’ ही डॉक्युमेंटरी बनत होती, पॅरिसमध्ये झाँ रूश आणि एद्गार मोरँ हातात हलका 16 एमएम घेऊन रस्त्यावर लोकांशी बोलत होते, म्हणजे चित्र-आवाज सोबत पकडायची नवी यंत्रं तिकडे हाताशी येत होती. पोलंडमधल्या या लोकांकडे तसं काही नव्हतं, आणि म्हणून ते वेगळ्या वाटेने गेले. त्यांची फिल्म बोलण्यावर चालत नाही. चेहरा एकीकडे, आवाज दुसरीकडे, आणि दोन्ही टेबलवर एकत्र. तुम्ही परत बघाल तेव्हा लक्ष ठेवा, ज्याचा आवाज ऐकू येतोय तो माणूस दर वेळी पडद्यावर असतोच असं नाही, बऱ्याचदा ऐकणारा दिसतो. हे सौंदर्यदृष्टी म्हणून शिकवलं जातं, ठीक आहे, पण याच्या मुळाशी एक घरघरणारा कॅमेरा आहे हे विसरू नका.

आणि इथे मला जे मुख्य सांगायचंय ते येतं, जे मला पुस्तकात कुठे फारसं सापडलं नाही पण एडिट करता करता लक्षात आलं. यांनी विषय कसले निवडले ते बघा. बँडची प्रॅक्टिस. रेल्वेचं जंक्शन, काराबाशचीच 1961 ची ‘वेन्झेव’. सर्कशीतली माणसं. सरकारी ऑफिसची खिडकी. सगळ्या अशा गोष्टी ज्या पुन्हा पुन्हा तशाच होतात! प्रॅक्टिसमध्ये तोच तुकडा दहा वेळा वाजणार, मग एकच कॅमेरा असला तरी चालतं, पहिल्या वेळी कंडक्टर घ्या, दुसऱ्या वेळी क्लॅरिनेटवाला, तिसऱ्या वेळी नुसत्या टाचा, कारण सूर तोच आहे, टेबलवर सगळं एकाच वेळचं म्हणून जुळतं. एकदाच घडणारी गोष्ट, अपघात, भांडण, निवडणूक, याला दोन-तीन कॅमेरे लागतात नाहीतर सीन लावावा लागतो, आणि सीन लावणं हेच तर काळ्या मालिकेचं दुखणं होतं. रोजच्या रहाटगाडग्याला सीन लावावा लागत नाही, उद्या परत या, उद्याही तेच चालू असणार. म्हणजे स्टॉकची टंचाई, आवाजाची अडचण आणि सेन्सॉर, तिन्हीचं उत्तर एकाच निवडीत मिळतं, कारण ट्राम कामगारांच्या बँडवर कुठला सेन्सॉर आक्षेप घेणार? आणि शिवाय ज्या देशात वरून रोज मोठमोठ्या ऐतिहासिक घटना जाहीर होत असतात तिथे रोजचं तेच तेच दाखवणं हेच जरा उलट बोलणं होतं.

माझी स्वतःची फजिती सांगतो. बऱ्याच वर्षांपूर्वी ही फिल्म डोक्यात घेऊन मी एका छोट्या गावातल्या लग्नाच्या बँडची प्रॅक्टिस शूट करायला गेलो. डिजिटल कॅमेरा, स्टॉकची चिंता नाही, तीन दिवसांत चौदा तास फुटेज. फार खुश. घरी येऊन टेबलवर बसलो आणि दुसऱ्या दिवशी कपाळाला हात. चौदा तास मी वाजवणाऱ्या माणसामागेच धावत होतो. जो वाजवतोय त्याच्याकडे कॅमेरा, दुसरा वाजवायला लागला की तिकडे पॅन, म्हणजे आवाज जिकडे तिकडे मी, कुत्र्यासारखा. थांबलेला, वाट बघणारा, दुसऱ्याची चूक ऐकून ओठ दाबून हसणारा एकही माणूस माझ्याकडे नव्हता. कट कशावर करू? त्या रात्री परत ‘मुझिकान्ची’ लावली आणि घड्याळ घेऊन बसलो, तेव्हा कळलं की प्रॅक्टिस म्हणजे अर्धा वेळ नुसतं थांबणं असतं, आणि न्येदबाल्स्कीने ते थांबणं शूट केलंय. चेहरा वाजवताना बंद होतो, फुगलेले गाल आणि नोटेशनवर डोळे. मोकळा होतो तो थांबल्यावर. ती माझी फिल्म कधी पूर्ण झाली नाही, हार्डडिस्क अजून कपाटात आहे.

बाकीच्यांबद्दल झरझर सांगतो. श्लेशित्स्की गावाकडे, पाण्याकडे, भटक्या रोमा लोकांकडे गेला, त्याच्या फिल्म्स जास्त काव्यात्म, काही जणांना आवडतात, मला थोड्या गोड वाटतात. क्रिस्तीना ग्रिचेवोव्स्काने 1967 मध्ये ‘यादविगा एल.चे 24 तास’ केली, कारखान्यात रात्रपाळी करून घर सांभाळणारी बाई, एक दिवस. ही जरूर शोधा, ‘मुझिकान्ची’पेक्षा जास्त बोचेल. आणि काराबाश स्वतः 1967 मध्ये ‘फ्रानेक डब्ल्यू.चं वर्ष’ कडे गेला, जवळजवळ तासाभराची, खेड्यातून आलेल्या एका पोराचा श्रमदलातला वर्षभराचा पाठपुरावा. तिथे आवाज परत आलाय, पण आता तो पोराचा स्वतःचा आहे. हा बदल छोटा नाही.

या शैलीवर एक टीका होते आणि ती मला पूर्ण खोडता येत नाही. टीका अशी की हे सगळं बघणं सोयीचं होतं. कम्युनिस्ट पक्षप्रमुख गोमुल्काच्या काळात, म्हणजे 1956 नंतरची जी थंडगार स्थिरता आली त्यात, साध्या माणसाकडे मायेने बघायला कुणाची ना नव्हती, फक्त त्याची अवस्था अशी का आहे हे विचारायचं नाही. ट्राम कामगाराचा पगार किती, घर कसलं, बँडची खोली कोणाची, फिल्म विचारत नाही. बरोबर आहे. माझं म्हणणं एवढंच की न विचारणं आणि खोटं सांगणं यात फरक आहे, आणि याच शाळेतून विचारणारी पिढी निघाली.

कारण काराबाश वूचच्या फिल्म स्कूलमध्ये शिकवायचा (नकाशात लॉड्झ असं वाचाल, उच्चार वूच) आणि तिथे त्याच्या आणि डॉक्युमेंटरीवाल्या येझी बोसाकच्या हाताखाली क्रिस्तॉफ किश्लोव्स्की, पुढे जगभर गाजलेला दिग्दर्शक, शिकला. किश्लोव्स्कीला पुढे एका मासिकाने आवडत्या फिल्म्स विचारल्या तर त्याने दिलेल्या दहांच्या यादीत फेलिनी, त्रुफो, तारकोव्स्कीच्या पंगतीत ही दहा मिनिटांची ‘मुझिकान्ची’ होती. त्याची विद्यार्थीदशेतली 1966 ची ‘ऊझोंद’ म्हणजे ‘कचेरी’ बघा, पाच-सहा मिनिटांची. सरकारी विमा ऑफिस, खिडकी, रांगेत म्हातारे लोक, आत कारकून बाई. तीच पुनरावृत्ती, फॉर्म, शिक्का, पुढचा, फॉर्म. आणि शेवटी एका फॉर्मवरचा प्रश्न ऐकू येतो की आयुष्यभरात आपण काय काय केलंत ते लिहा. कुणी भाष्य करत नाही, गरजच नाही. काराबाशची मायाळू नजर तीच, पण आता समोर बँड नाही, यंत्रणा आहे. सेन्सॉरला नेमकं कशावर बोट ठेवावं ते कळू नये असं हे बघणं.

आणि याच रस्त्याच्या टोकाला 1980 ची ‘द्वोझेत्स’, म्हणजे स्टेशन. वार्साच्या सेंट्रल स्टेशनवर रात्री किश्लोव्स्कीचं युनिट शूट करत होतं, वाट बघणारी माणसं, बिघडलेले लॉकर, वरून टेहळणारे कॅमेरे. एके दिवशी पोलिसांनी फुटेज जप्त केलं. कारण? एका मुलीने आईचा खून करून तुकडे सुटकेसमध्ये भरून स्टेशनच्या लॉकरमध्ये ठेवले होते आणि पोलिसांना वाटलं ती कदाचित यांच्या फिल्ममध्ये आली असेल. ती नव्हती, रिळं परत मिळाली. पण समजा असती तर? किश्लोव्स्कीने नंतर सांगितलंय की तेव्हा त्याला जाणवलं, आपल्याला नको असताना आपण पोलिसांचे खबरे झालो असतो, आणि डॉक्युमेंटरीपासून दूर जाण्यामागे हा प्रसंग होता. निरीक्षण म्हणजे निष्पाप गोष्ट असं कोणी म्हणालं की मी ही हकीगत सांगतो.

तर परत तुमच्याकडे. फिल्म पुन्हा बघा, पण यावेळी दोनदा. एकदा आवाज पूर्ण बंद करून, तेव्हा हात आणि थांबलेले चेहरे दिसतील, वहीत नोंद करा की वाजवणाऱ्याचे शॉट किती आणि ऐकणाऱ्याचे किती. मग एकदा स्क्रीनवर टॉवेल टाकून नुसती ऐका. वर्कशॉपचा खणखणाट, वाद्यांच्या पेट्यांचे खटके, सूर लावताना होणारी बेसूर गर्दी, म्हाताऱ्याचं वैतागणं, परत तोच तुकडा. आणि जिथे तुम्हाला पहिल्यांदा वाटेल की आता हे गाणं आहे, तिथे टॉवेल काढून बघा पडद्यावर कोण आहे.